जाबदार क्रमांक तीन

सहकारी बँकेच्या दुसऱ्या मजल्यावर, जिथं पूर्वी कर्मचाऱ्यांना शिकवायचे वर्ग भरत, त्या खोलीत मी लवाद म्हणून बसतो. न्यायाधीशाच्या नोकरीतून निवृत्त झालो तेव्हा ठरवलं होतं की आता कोणाचं भांडण ऐकायचं नाही. पण घरी बसल्यावर कळलं की आपलंही कोणी ऐकत नाही, म्हणून हे काम धरलं. कर्ज थकलं की बँक माझ्याकडे येते, मागोमाग कर्जदार येतो, जामीनदार येतात किंवा येत नाहीत, आणि कोण किती देणं लागतो ते मी लिहून देतो. कर्ज घेतानाची हसरी माणसं माझ्या वाट्याला कधी येत नाहीत. एकाच दुखण्याचे रोगी तपासणाऱ्या डॉक्टरासारखं माझं झालंय. दारातून आत येणाऱ्याची चाल बघूनच मला कळतं, हा आज कुठली सबब सांगणार.

खोलीत एक लांब टेबल आहे आणि भिंतीवर ‘हसतमुख सेवा’ लिहिलेला फलक अजून तसाच आहे. पंखा लावला की कागद उडतात, बंद केला की वकिलांची डोकी तापतात. टेबलाच्या कडेला टंकलेखिका बसते. माझ्या तोंडून वाक्य पुरं व्हायच्या आत तिचं टाइप करून झालेलं असतं, कारण वर्षानुवर्षं मी तीच वाक्यं बोलतोय. बँकेचा वकील चांगला माणूस आहे. कोणाचं वाईट चिंतत नाही, फक्त घाईत असतो.

या प्रकरणात जाबदार, म्हणजे बँकेनं ज्यांच्यावर दावा लावला ते, तिघे होते. पहिला कर्जदार. त्यानं कर्ज काढून व्यायामशाळा थाटली, यंत्रं आणली, चारी भिंतींना आरसे लावले. सुरुवातीला गर्दी झाली. मग समोरच दुसरी, मोठी व्यायामशाळा निघाली आणि याच्या आरशात याच्याशिवाय कोणी दिसेनासं झालं. दुसरा जाबदार त्याचा मित्र, जामीन राहिलेला. पहिली नोटीस मिळाल्यावर तो जो गायब झाला, तो आजतागायत. तिसरी जाबदार म्हणजे कर्जदाराची थोरली बहीण.

बहिणीनं कर्ज घेतलं नव्हतं, ती जामीन राहिली नव्हती, कर्जाच्या एकाही कागदावर तिची सही नव्हती. वडिलांच्या मागे घर दोघा भावंडांचं झालं होतं आणि भावानं ते सबंध घर एकट्याच्या सहीनं गहाण टाकलं होतं, एवढाच तिचा संबंध. पुढच्या खोल्यांत भाऊ, भावजय आणि मुलं. मागच्या खोलीत ही एकटी. तीच तिची झोपायची जागा आणि तोच कारखाना. गावातल्या दंतवैद्यांना ती कवळ्या बनवून द्यायची. वैद्यांनी पाठवलेल्या मापांवरून प्लास्टरचे साचे काढायचे, दात बसवायचे, घासून चकचकीत करायचे. लग्न केलं नव्हतं. “लोकांचे दात बसवता बसवता माझे पडायला लागले,” असं म्हणून तीच आधी हसायची.

आता घोडं कुठं अडलं होतं ते सांगतो. घर गहाण घेताना बँकेचा अधिकारी घरी जातो, घरातल्या सगळ्या मोठ्या माणसांना दारात उभं करतो आणि फोटो काढतो. पुढे कोणी म्हणायला नको, आम्हाला पत्ताच नव्हता. त्या फोटोत ही होती. अंगात अ‍ॅप्रन, कोपरापर्यंत प्लास्टर आणि तोंडभर हसू. भावानं हाक मारली, “ताई, जरा दारात ये गं, फोटो काढतायत,” म्हणून हातातलं काम टाकून आली होती. बँकेच्या वकिलाची सगळी भिस्त त्या फोटोवर. बँकेची दुसरीही एक पद्धत आहे. जो जामीन राहील किंवा गहाणाला संमती देईल, त्याला नाममात्र सभासद करून घ्यायचं. एक अर्ज, किरकोळ फी, एक सही. या बाईंच्या बाबतीत ते राहून गेलं. “ती काय, घरचीच आहे,” असं भाऊ म्हणाला असणार, आणि अधिकाऱ्याला महिनाअखेरीची घाई असणार.

लवादाचा अधिकार बँक आणि तिचे सभासद यांच्या भांडणापुरता. सभासद नसलेल्या माणसाला मी हात लावू शकत नाही. त्याच्याविरुद्ध निवाडा देऊ शकत नाही, तसा त्याच्या बाजूनंही देऊ शकत नाही. घर कोणाचं, किती कोणाचं, हे ठरवायचं काम दिवाणी न्यायालयाचं. म्हणजे या बाईंना या खोलीत बोलवायलाच नको होतं. पण बँकेनं नोटीस पाठवली होती आणि नोटीस आली की ही येणार. अशी माणसं फार थोडी उरली आहेत.

अधिकाराचा मुद्दा आधी निकालात काढू, असं मी पहिल्याच तारखेला लिहिलं. बँकेच्या वकिलानं उत्तराला मुदत मागितली. मुदत दिली. त्या दिवशी बाई उठून उभ्या राहिल्या.

“साहेब, एक बोलू?”

“बोला.”

“तुमची खालची कवळी सैल आहे. बोलताना उचलली जातीय. कोणी केलीय?”

वकिलाला ठसका लागला. टंकलेखिकेनं सवयीनं तेही टाइप केलं, मला ते खोडायला लावावं लागलं.

“बाई, इथं तुमच्या घराचं चाललंय.”

“ते तर मी सांगणारच आहे. पण तुम्हाला बोलायला त्रास होतोय, म्हणून म्हटलं. मी नीट करून देते. पैसे नकोत.”

“तुमच्याकडून मला पेलाभर पाणीसुद्धा घेता येत नाही.”

“का? मी काय केलंय?”

याचं उत्तर मी नीट दिलं नाही. दुसऱ्या एका वैद्याकडून कवळी बदलून घेतली आणि पुढच्या तारखेला बाईंनी ती नुसती बघून मान हलवली. बरी आहे, असं बहुधा म्हणायचं असावं.

मग तारखांमागून तारखा पडल्या. कधी वकिलाची आई आजारी, कधी बँकेचा अधिकारी बदलून गेलेला. बाई दर तारखेला आल्या. भाऊ एका टोकाला बसायचा, ही दुसऱ्या टोकाला, आणि निघताना मात्र दोघं एकाच रिक्षातून जायची. वकील कागद चाळत असला की बाई बोलायला लागायच्या, आणि खरं सांगायचं तर मी त्यांना अडवायचो नाही. दिवसभर थकबाकी, व्याज आणि दंडव्याज ऐकून कान किटलेले असायचे. त्यात या बाई खिडकीबद्दल बोलायच्या.

“माझ्या खोलीला मागे खिडकी आहे साहेब, मोठी. तिच्यातून ऊन येत नाही, नुसता उजेड येतो. वडिलांनी माझ्यासाठी मुद्दाम फोडून घेतलेली. दाताचा रंग दिव्याखाली जुळत नाही हो. दिव्याखाली बरोबर वाटतो आणि माणूस बाहेर जाऊन हसला की तो एक दात वेगळा दिसतो. भाड्याच्या खोल्या बघितल्या मी. मोटरचा आवाज होतो आणि औषधांचा वास येतो म्हटलं की घरमालक दारातूनच वाटेला लावतात.”

“भावाशी बोललात?”

“तो म्हणतो, ताई, होईल सगळं नीट. लहानपणापासून हेच म्हणतो.” मग त्या भावाकडे बघायच्या आणि तो आपल्या बुटांकडे.

बँकेत गेल्या तर बँक म्हणाली, पोलिसांकडे जा. पोलीस म्हणाले, घरातलं भांडण घरात मिटवा. ओळखीच्या वकिलानं फीचा आकडा सांगितला आणि या परत आल्या. तेवढ्या धावपळीत बसायला खुर्ची मिळाली ती माझ्या खोलीत. त्यामुळं मीच त्यांचं घर वाचवणार, अशी त्यांची पक्की समजूत झाली होती. मी त्यांना तसं कधी म्हणालो नाही. पण नाही असंही म्हणालो नाही, आणि ऐकत राहिलो. थकलेल्या माणसाचं ऐकणं किती प्रेमळ दिसतं, याची मला कल्पना नव्हती.

शेवटी बँकेचा वकील एका तारखेला उत्तराऐवजी एक कोरा अर्ज घेऊन आला. नाममात्र सभासदत्वाचा.

“साहेब, अधिकाराचा मुद्दाच संपवून टाकू या. बाईंनी यावर सही करावी. सोबत गहाणाला संमती आणि जामिनाचं पत्र. मग त्या रीतसर तुमच्यासमोर येतील, त्यांचं म्हणणं रेकॉर्डवर येईल. बँकही त्यांच्या भावाला हप्ते बांधून द्यायला तयार आहे.”

भाऊ त्या दिवशी पहिल्यांदाच तिच्या शेजारी बसला होता. “ताई, सही कर. साहेब तुझं सगळं ऐकतात, बघतेस ना तू.”

बाईंनी पेन हातात घेतलं आणि माझ्याकडे बघितलं.

“सही केली की तुम्ही माझं ऐकाल ना साहेब? लिहून घ्याल ना?”

सही केली की त्या संपल्या, हे खोलीतल्या प्रत्येकाला कळत होतं, त्या सोडून. ती संमती एकदा दिली की त्यांचा हिस्साही गहाणात जाणार, आणि मग मी त्यांचं कितीही ऐकलं तरी निवाडा एकच लिहिता येणार. त्यांना वाचवणारी एकच गोष्ट होती: माझा अधिकार त्यांच्यापर्यंत पोचत नव्हता. पण समोरच्या एका पक्षाला ‘सही करू नका’ असं लवादानं सांगायचं नसतं. सांगितलं तर तो पक्षपात, आणि सगळं प्रकरणच रद्दबातल.

“बाई, हे मला विचारू नका,” मी म्हणालो.

“मग कोणाला विचारू?”

मी टंकलेखिकेला म्हणालो, “घ्या.” आणि पेन कागदाला टेकायच्या आत आदेश सांगायला सुरुवात केली. एवढी घाई मी उभ्या नोकरीत केली नव्हती. “जाबदार क्रमांक तीन ही बँकेची सभासद नाही, कर्जदार नाही, जामीनदार नाही. सबब तिचं म्हणणं ऐकण्याचा किंवा त्यावर निर्णय देण्याचा या लवादास अधिकार नाही. तिचं नाव प्रकरणातून वगळण्यात येत आहे.”

बाईंनी पेनाला टोपण लावलं. “इतके दिवस ऐकत होतात, ते काय होतं मग?”

मी वर बघितलं नाही. बघितलं असतं तर बोललो असतो.

“तुम्हीपण हात वर केलेत ना. तसं पहिल्याच दिवशी सांगायचंत. मी कामं टाकून आले नसते.”

त्या उठल्या, पिशवी उचलली आणि निघून गेल्या. आदेशाचा दुसरा परिच्छेद त्यानंतर झाला. “या प्रकरणात जो निवाडा होईल, तो जाबदार क्रमांक तीनच्या घरातील हिश्श्यास बाधक राहणार नाही. योग्य त्या न्यायालयात दाद मागण्यास ती मोकळी आहे.” हे वकिलानं ऐकलं, भावानं ऐकलं, टंकलेखिकेनं टाइप केलं. जिच्यासाठी होतं ती तोवर जिना उतरून गेली होती. मी भावाकडे बघून म्हणालो, “बहिणीला आदेशाची प्रत द्या आणि नीट वाचून दाखवा.” तो “हो साहेब” म्हणाला.

संध्याकाळी घरी जेवण गेलं नाही. बायकोनं दोनदा विचारलं तेव्हा नावं न घेता हकिगत सांगितली.

“अहो, मग तिच्या मागे जायचं ना जिन्यावर! ‘बाई, तुमची खोली वाचली,’ एवढंच तर म्हणायचं होतं.”

“तसं म्हणता येत नाही. निवाडा व्हायचाय अजून.”

“म्हणजे तुम्ही तिचं भलं केलंत आणि तिला वाटतंय, तुम्ही तिला हाकललंत.”

“आदेश वाचला की कळेल तिला.”

“तुमचे आदेश मी वाचलेत,” बायको म्हणाली आणि ताटं उचलायला लागली. “मला कधी कळले नाहीत.”

ती नेहमीसारखं टोचून बोलली. पण रागापेक्षा मला हायसं वाटत होतं. बाई मला शिव्या घालत असतील, घालू देत. खिडकी त्यांची राहिली होती. इतक्या वर्षांत एवढा बरा आदेश माझ्या हातून क्वचितच झाला असेल, आणि तो मी फक्त ‘मला अधिकार नाही’ म्हणून केला होता.

पुढच्या तारखेला मी खोलीत शिरलो तर बाई माझ्या आधी येऊन बसल्या होत्या. केस नीट बांधलेले, अंगावर ठेवणीतले कपडे, हाताला प्लास्टरचा कण नाही. शेजारी भाऊ. समोर बँकेच्या वकिलानं एक अर्ज ठेवला आणि यावेळी तो घाईत नव्हता.

“साहेब, जाबदार क्रमांक तीनला पुन्हा सामील करून घ्यावं, असा अर्ज आहे. बँक आणि बाई, दोघांच्या संमतीनं.”

मागे कागद जोडलेले. सभासदत्वाची पावती. गहाणाला संमती. जामिनाचं पत्र. शेवटी, लवादाचा अधिकार मला मान्य आहे, असा मजकूर आणि त्याखाली वळणदार, ठळक सही. माझ्या कक्षेत यायला माणसाला जे जे लागतं, ते सगळं बाईंनी एका दुपारीत शाखेत जाऊन मिळवलं होतं. मी अर्ज फेटाळला असता तरी काय झालं असतं? घर आता दोघांच्या सहीनं गहाण होतं.

मी वकिलाकडे बघितलं. तो म्हणाला, “मी बोलावलं नव्हतं साहेब. त्या स्वतः शाखेत आल्या. मी फक्त फॉर्म दिले.” खोटं बोलत नसावा.

एक वाट उरली होती. दबावानं किंवा न समजता सही झाली असेल, तर मला ती बाजूला ठेवता आली असती. असे प्रश्न विचारायचा मला अधिकार असतो. तो मी वापरला.

“बाई, या सह्या तुम्ही केल्यात?”

“हो साहेब.”

“कोणी दबाव आणला? भावानं, बँकेनं, कोणीही?”

भावाचा गुडघा हलायला लागला. बाई मात्र वर्गात उत्तर येणाऱ्या मुलीसारख्या ताठ झाल्या.

“नाही साहेब. मी माझ्या मर्जीनं गेले. हा नुसता सोबत होता.”

“मागच्या आदेशाची प्रत वाचलीत का?”

“त्यानं सांगितलं ना काय आहे त्यात. मी सभासद नाही, म्हणून तुम्हाला माझं ऐकता येत नाही. तेच तर म्हटलं, एवढ्यासाठी कशाला अडायचं?”

“त्यात पुढे आणखी एक परिच्छेद होता.”

“ते कायद्याचं काहीतरी असेल,” बाई म्हणाल्या. भावानं तोंड वळवून भिंतीवरचा फलक वाचायला घेतला.

“या संमतीचा अर्थ तुम्हाला कोणी समजावून सांगितला होता का? नसेल तर नाही म्हणा. नाही म्हणालात तरी चालेल. नीट विचार करून सांगा.” याहून पुढे मला जाता येत नव्हतं. एवढं बोलतानाही वकिलानं भुवई उंचावली होती.

बाई हसल्या. इतक्या साध्या प्रश्नात मी त्यांना अडकवायला बघतोय, असं त्यांना वाटलं असावं.

“सगळं समजलंय साहेब. वाचून सही केलीय. आता काही राहिलं नाही. आता मी तुमच्यात आले.”

मी टंकलेखिकेला अर्ज मंजूर म्हणून सांगितलं. तिनं टाइप केलं, पण यावेळी माझं वाक्य पुरं होईपर्यंत थांबली.

“आता बोलू?” बाईंनी विचारलं.

“बोला.”

मग त्या बोलल्या. वडिलांनी घर कसं बांधलं, कवळ्यांचं काम कोणाकडे शिकल्या, खिडकी फोडायला गवंडी तयार नव्हता तेव्हा वडिलांनी स्वतः पहार कशी घेतली, भावाला व्यायामशाळा काढायची म्हणून स्वतःची शिल्लक कशी दिली, आणि फोटोच्या दिवशी आपण का हसत होतो. कसलीच घाई नव्हती त्यांना. मध्ये वकील काही म्हणायला गेला तर मी त्याला हातानं थांबवलं. पंखा बंद होता, तो कोणी लावला नाही. एकेक शब्द मी टंकलेखिकेला सांगत गेलो, एकही गाळला नाही. हे सगळं निवाड्यात कुठंही लागणार नाही, हे मला माहीत होतं. निवाडा माझ्या डोक्यात तयारच होता: तिघांनी मिळून आणि प्रत्येकानं स्वतंत्रपणे सगळी रक्कम द्यावी, न दिल्यास गहाण घराची विक्री.

सांगून झाल्यावर बाईंनी रुमालानं तोंड पुसलं. चेहरा असा मोकळा, जणू मोठं ओझं कोणीतरी खाली उतरवून दिलं होतं.

“सगळं लिहून घेतलंत ना साहेब?”

“घेतलं,” मी म्हणालो.

“मग झालं तर,” त्या म्हणाल्या आणि भावाच्या पाठीवर थोपटून म्हणाल्या, “चल रे, उठ. मला तीन कवळ्या द्यायच्यात संध्याकाळपर्यंत.”